रागीचा ‘हव’ अन् सासूबाईंचं ‘हवं’

चहा घ्या. मीच केलाय. काहून, ते कळेलच. माझी सारी फजिती या चहातच उकळली आहे.

तुम्हाला माहीत आहे, मी जुन्या गाथा मंचावर गातो अन् गाणाऱ्यांची फिल्म काढून ठेवतो. सुकवारो बाई या जुन्या गाथागायिकेच्या मागे तर हात धुऊन लागलो होतो. त्यांच्या आजीकडून आलेली राणीची गाथा अख्खी येणारं दुसरं कोणी उरलं नाही. शेवटी एकदाच्या त्या आमच्या चौबे कॉलोनीतल्या घरी आल्या. संध्याकाळच्या बसनं लेकाकडे ओडिशाला जाणार, त्या कायमच्याच. आज नाही तर कधीच नाही.

पण त्यांच्या रागीचा घसा बसलेला. रागी म्हणजे बाजूला बसून ओळीओळीला ‘हव’, म्हणजे ‘हो’, म्हणणारा साथीदार.

“रागी के हव बिना कथा नई चलय, भैया.”

“एवढंच ना? मी बसतो.”

माझा आवाज तर तुम्ही जाणता. चौबे कॉलोनीत ‘हव’ म्हटलं तर पार तिकडे शंकर नगरातली कबुतरं उडतात.

तेवढ्यात सांगलीहून आलेल्या सासूबाईंनी स्वयंपाकघरातून विचारलं, “जावईबापू, मधे काही लागलं तर?”

“हवं असलं की ओरडीन, आई.”

झालं. इथंच मी आपल्या पायावर धोंडा पाडून घेतला.

कॅमेरा सुरू. राणी महालातून निघाली. “हव.” सासूबाई चहा घेऊन थेट कॅमेऱ्यापुढे.

पुन्हा सुरू. राणी नदीवर पोचली. “हव.” चिवडा. राणी नावेत बसली. “हव.” शिरा, वरून तूप.

“आई, पुरे आता.”

“अहो, तुम्हीच हवं हवं करताय. जावयानं मागितलेलं परत न्यायचं होय?”

मीही हट्टाला पेटलो. फिल्म झाल्याबिगर उठणार नाही. हळूच ‘हव’ म्हटलं, तर बाईच थांबल्या.

“अइसन मरहा, मुर्दा हव मा कोन गाही?”

बसची वेळ जवळ येऊन राहिली, राणी अजून नावेतच. शेवटी सासूबाईंना सारं समजावलं. त्यांनी पदर खोचला, मला उठवलं अन् माझ्या जागी बसल्या.

“एवढंच? जन्म कीर्तनं ऐकण्यात गेला माझा. हं, बाई, नाव निघाली. हव. मग राणीनं काय केलं?”

सुकवारो बाई अशा खुलल्या की विचारू नका. राणी नदीपार झाली, राज्य सोडवलं, गाथा अख्खी फिल्ममध्ये आली. बसही मिळाली.

फक्त मधे एकदा बाई दम घ्यायला थांबल्या, तेव्हा सासूबाई सरळ कॅमेऱ्यात बघून म्हणाल्या, “जावईबापू, बाईंना चहा हवा.”

अन् कॅमेऱ्यामागून, चहा टाकायला उठता उठता, माझाच बारीक आवाज आला, “हव.”

फिल्ममधून ते काढून टाकतो म्हणालो, तर सुकवारो बाई निघता निघता म्हणाल्या, “रहन दे भैया. तोर एहीच हव बढिया रहिस.”