परीक्षितचे किलोमीटर

परीक्षित एका जागी बसेल तर शपथ! कुवेतमधल्या फहाहीलच्या दोन खोल्यांत हा माणूस फ्रिजपासून गॅलरीपर्यंत आणि गॅलरीतून परत फ्रिजपाशी नुसत्या येरझारा घालणार. पायाला भिंगरीच. पण "जरा पळायला जा" म्हटलं, की याला हजार कामं आठवणार.

वय अठ्ठेचाळीस, रिफायनरीत इन्स्ट्रुमेंट इंजिनिअर. बायको सुचित्रा आणि लेक जुईली नाशिकला. गेल्या वर्षी याची शुगर तीनशेवर गेली, तेव्हा जुईली फोनवर ढसाढसा रडली होती. मग पहिल्या पगारातून तिने बापाला धावणाऱ्यांचं घड्याळ पाठवलं आणि अट घातली, "बाबा, तू पळ, मीही पळते. तुझे किलोमीटर मला ॲपवर रोज दिसतील हां."

परीक्षित दोन दिवस पळाला. तिसऱ्या दिवशी गुडघे बोंबलायला लागले.

प्लांटच्या लॅबमध्ये तौफीक नावाचा जकार्ताचा पोरगा होता. शुक्रवारी सकाळी तो आणि त्याचे गाववाले समुद्राकाठी पळायला जमत. अहो, पळणं कसलं, वरात ती! रंगीत गॉगल, सेकंडहँड बाजारात हुडकलेल्या जर्सी, पळायच्या आधी फोटो, पळताना फोटो, आणि नंतर ताडगुळाच्या कॉफीवर दोन तास गप्पा. जकार्तात सध्या तरुण पोरांना हेच वेड लागलंय म्हणे. एकदा तौफीक मोडक्या हिंदीत हसत हसत म्हणाला, "तिकडे काही पोरं तर पैसे घेऊन दुसऱ्याच्या नावावर पळतात, सर. लोकांना ॲपवर आकडे मिरवायचे असतात ना!"

तो बिचारा गंमत सांगत होता. परीक्षितने मात्र दुसऱ्याच दिवशी आपलं घड्याळ त्याच्या हातात ठेवलं. तौफीक जरा चाचरला, पण परीक्षितच्या हातच्या साबुदाणा खिचडीवर त्याचा भारी जीव. "माफी मुश्किल," म्हणजे अरबीत काही हरकत नाही, असं म्हणून सुटला. मग ते रोजचंच झालं.

चार, सहा, दहा किलोमीटर! नातेवाइकांच्या ग्रुपवर शाबासक्यांची नुसती रीघ. लाज कशी वाटली नाही याला, असं तुम्ही म्हणाल. वाटत होती हो, रोज वाटत होती. तौफीक घड्याळ घेऊन परत येईपर्यंत हा गॅलरीत तळमळत उभा. आज सांगू, उद्या सांगू, असं करत तीन महिने गेले.

मग एका शनिवारी दुपारी जुईलीचा व्हिडिओ कॉल आला. तिच्या पायाला प्लास्टर होतं. नडगीच्या हाडाला तडा गेला होता.

"तुला गाठायला गेले रे बाबा," ती हसत होती. "तू रोज दहा पळतोस आणि मी सहालाच धापा टाकते, म्हणून हट्टाने वाढवत गेले. दुखत होतं, पण म्हटलं, बाबाचं कुठे काय दुखतंय!"

परीक्षित येरझारा थांबवून खाली बसला. "जुई, ते मी नव्हतो गं. पहिले दोन दिवस सोडले, तर सगळं आमच्या लॅबमधला तौफीक पळायचा. माझं घड्याळ घालून."

आता ती चिडेल, ओरडेल, फोन आपटेल. आपटू दे, एकदाची शिक्षा तरी मिळेल, असं त्याला वाटलं.

जुईलीचा आवाज अगदी बारीक झाला होता.

"मग बाबा, तुझी शुगर किती आहे?"

परीक्षितने तीन महिन्यांत ती तपासलीच नव्हती.