बाबांचा पाय आणि हवेचा सेन्सर

मेकॅनिकने बॉनेटखालचा एक प्लग ओढून काढला आणि तीन-चार महिने अडखळणारी आमची गाडी एकदम शहाण्यासारखी चालायला लागली. मी स्टिअरिंग धरून बसले होते. माझे हात गार पडले. एप्रिलच्या नागपुरात, पत्र्याच्या शेडबाहेर, भर दुपारी बाराला हात गार पडणं सोपं नाही.

"आता पाहा ताई," तो म्हणाला, "सेन्सर लावला की बिघडते, काढला की चालते. मंग दोष कोणाचा झाला?"

दोष कोणाचा, हे मी जानेवारीतच ठरवून टाकलं होतं. भर चौकात, चार माणसांसमोर, मोठ्या आवाजात.

गाडी बाबांची. निवृत्तीनंतर घेतलेली, आता सतरा वर्षांची झालेली पेट्रोल गाडी. प्रताप नगरच्या घरात आम्ही दोघंच राहतो. आई जाऊन सहा वर्षं झाली. आठवडाभर गाडी माझ्याकडे असते, कारण मी कोराडीला एका कॉलनीतल्या शाळेत शिकवते. शनिवारी मात्र मी बसने जाते आणि गाडी बाबांची असते. रामटेकजवळ आमची थोडी धानाची शेती आहे, बटाईने दिलेली. शनिवारी सकाळी सहाला निघायचं, बांधावरून एक चक्कर मारायची, तिथेच राहणाऱ्या आत्याकडे जेवायचं आणि दिवस मावळायच्या आत घरी यायचं, हा सत्याहत्तर वर्षांच्या माझ्या बापाचा आठवडा. उरलेले सहा दिवस ते शनिवारची तयारी करतात.

बाबांचा पाय हलका. गिअर कधी बदलला ते शेजारी बसलेल्याला कळायचं नाही. मला त्यांनीच शिकवलं, पण माझा पाय जड निघाला. माझं सगळंच जड आहे, पाय, आवाज आणि राग. "इंजिनाले विचारून पाय देत जा वं," असं ते म्हणायचे. मी म्हणायची, इंजिनाला विचारत बसले तर शाळेची घंटा होऊन जाईल.

डिसेंबरात ते सांगायला लागले की गाडीला दम लागतो आहे, तिला हवा कमी पडते आहे. मी हसले. बाबा, दम तुम्हाला लागतो, गाडीला नाही, असं म्हणून मी विषय संपवला. मी रोज चालवत होते, मला तर काही जाणवत नव्हतं.

जानेवारीत एका सुट्टीच्या दिवशी आम्ही दोघं बाजारातून परतत होतो. बाबा चालवत होते. सिग्नल हिरवा झाला, त्यांनी नेहमीसारखी हळूच गाडी काढली, तिने दोन गचके दिले आणि चौकाच्या मधोमध बंद पडली. मागून बस येत होती. ब्रेकचा आवाज अजून माझ्या कानात आहे. बस आमच्यापासून हातभर अंतरावर थांबली. ड्रायव्हर खिडकीतून ओरडत होता, फुटपाथवरची माणसं बघायला पुढे आली होती आणि बाबा किल्ली पुन्हा पुन्हा फिरवत होते. त्या सगळ्यांच्या देखत मी म्हणाले, "बाबा, तुमचा पाय गेला आता. उतरा."

ते उतरले. गाडीला वळसा घालून माझ्या बाजूला आले आणि मी सरकेपर्यंत दार धरून उभे राहिले. मी जोरात पाय दिला, गाडी निघाली. पुरावाच मिळाला मला.

त्या दिवसापासून कॅलेंडरखालच्या खिळ्यावरची किल्ली माझ्या पर्समध्ये गेली. पहिल्या शनिवारी बाबा आंघोळ करून, पिशवी घेऊन, सहा वाजता खुर्चीत बसले होते. मी जागी होते आणि झोपेचं सोंग घेतलं. पुढच्या शनिवारी ते तयार झाले नाहीत. आत्याचा फोन आला तेव्हा गाडीचं काम निघालं आहे असं त्यांनी तिला सांगितलं. माझं नाव त्यात आलं नाही. मी बसचं सुचवलं, तर पाहू म्हणाले. त्यांचं पाहू म्हणजे नाही.

फेब्रुवारीत नवीनच प्रकार सुरू झाला. रविवारी दुपारी आतल्या खोलीतून खट् खट् आवाज यायला लागला. जाऊन बघितलं तर बाबा आईच्या शिलाई मशीनवर बसले होते. कापड नाही, दोरा नाही, मशीनचा पट्टाही काढून ठेवलेला. नुसतं पायडल दाबत होते, आणि नजर भिंतीवरच्या घड्याळाकडे.  सुरू झालं, मी मनात म्हटलं. माझ्या आजोबांना शेवटच्या दोन वर्षांत स्वतःचं घर ओळखू येत नव्हतं, ते आठवलं. पण भीती वाटली की मी चिडते. त्या आवाजाने माझं डोकं दुखतं, एवढंच मी त्यांना म्हणाले. ते लगेच उठले. त्यानंतर मला तो आवाज ऐकू आला नाही.

आता गाडीकडे येते. मार्च संपताना एका सकाळी शाळेच्या फाटकाशी लहान मुलांची रांग आडवी आली. मला गाडी अगदी हळू पुढे न्यायची होती. तिने दोन गचके दिले आणि बंद पडली. तेच गचके, तेवढेच.  मागच्या गाडीतून शाळेतल्याच एक शिक्षिका हॉर्न वाजवत होत्या. पेट्रोलमध्ये भेसळ असेल, असं मी स्वतःला सांगितलं, आणि दुसरा पंप धरला. पण हळू चालवायची वेळ आली की गाडी तेच करायची. आठ दिवस मी कोणालाच काही बोलले नाही. मग सुट्टी बघून गाडी घराजवळच्या मेकॅनिककडे घेऊन गेले.

पन्नाशीचा, शांत माणूस. आधी त्याने स्पार्क प्लग काढून बघितले. मग छोटं स्कॅनर जोडलं. स्कॅनरमध्ये एकही दोष दिसेना. तो म्हणाला, मशीनच्या मते गाडी ठणठणीत आहे, आता तुम्हीच चालवून दाखवा. आम्ही एक फेरी मारली. गाडीला काही झालं नाही. मला उगाच लाज वाटली, डॉक्टरकडे गेल्यावर दुखणं पळतं तशी. पण तो माझ्या पायाकडे बघत होता.

"तुम्ही पाय जोरात देता न, म्हणून गाडी ढकलून निघून जाते. हळू चालवणाऱ्यालेच हे दुखणं समजते. घरी कोणी हळू चालवणारं आहे का?"

मी गिअर टाकला. त्याने मला अगदी हलका पाय द्यायला सांगितलं. दिला. गचका. आणखी हलका. गाडी बंद. मग शेडशी परत येऊन त्याने बॉनेट उघडलं, हवेच्या नळीवर बसवलेल्या एका काळ्या डबीचा प्लग ओढला, आणि पुन्हा हळू चालवायला लावलं. गाडी लोण्यासारखी निघाली. तेव्हा माझे हात गार पडले.

त्याने समजावलं ते असं. इंजिनात किती हवा जाते, ते ही डबी मोजते. तिच्यात केसाएवढी बारीक, तापलेली तार असते. तिच्या सांगण्यावरून गाडीचा कॉम्प्युटर पेट्रोल सोडतो. तार घाण झाली की ती हवा कमी आहे असं सांगते, पेट्रोल कमी पडतं, आणि हळूच पाय दिला की गाडी गुदमरते. डबी काढून टाकली की कॉम्प्युटर आपल्या अंदाजाने पेट्रोल देतो. खोटं सांगणाऱ्यापेक्षा तो अंदाज बरा, असं तो म्हणाला. मी ऐकत होते आणि माझ्या कानात बाबांचं डिसेंबरातलं वाक्य वाजत होतं. तिला हवा कमी पडते आहे. स्कॅनरला जे दिसलं नाही ते बाबांनी पायाच्या तळव्याने ओळखलं होतं, आणि मी त्यांचा तोच पाय गेला म्हणून सांगितलं होतं.

तार कशाने घाण झाली ते बघायला त्याने एअर फिल्टरचा डबा उघडला. आतून फोमचा एक तुकडा निघाला. काळा, तेलाने निथळणारा, त्यावर राखेचा थर.

"हे कोणं लावलं बापा?"

तो तुकडा मी कापलेला होता. दिवाळीच्या सुट्टीत फिल्टर उघडला तेव्हा कोराडीच्या वीजकेंद्रातून उडणाऱ्या राखेने तो पार भरलेला दिसला, आणि मला लहानपण आठवलं. बाबांच्या जुन्या मोटरसायकलच्या फिल्टरला फोम असायचा. दर रविवारी आम्ही तो पेट्रोलने धुवायचो, इंजिन ऑइलमध्ये बुडवायचो आणि पिळून परत बसवायचो. धूळ तेलाला चिकटते, इंजिनात जात नाही. पिळायचं काम माझं असायचं. ते आठवून मी दिवाळीत गादीचा जुना फोम कापला, तेलात बुडवला, आणि गाडीच्या फिल्टरच्या आतल्या बाजूला दाबून बसवला. बाबा दुपारची झोप काढत होते. उठल्यावर सांगू म्हटलं, आणि विसरले. त्या मोटरसायकलला सेन्सर नव्हता, हे माझ्या ध्यानातही आलं नाही. पाच महिने इंजिन ते तेल ओढत होतं आणि ते त्या तारेवर बसत होतं.

मेकॅनिक उत्तराची वाट बघत होता. आणि माझ्या तोंडून निघालं, "बाबांनी लावलं असेल."

ते वाक्य ऐकून मीच दचकले. कोणी जाब विचारला नव्हता, कोणी रागावणार नव्हतं. पन्नाशीच्या एका अनोळखी माणसासमोर मूर्ख ठरू नये म्हणून मी दुसऱ्यांदा दोष बापाच्या माथी मारून मोकळी झाले होते. तो फक्त मान हलवून म्हणाला, जुनी माणसं करतात असं. मला त्या शेडखालून पळून जावंसं वाटलं.

त्याने तारेवर दुरून स्प्रे मारला. बोट लावलं तर तुटेल म्हणाला. ती वाळेपर्यंत थांबलो, मग त्याने नवीन फिल्टर घातला आणि डबी परत जोडली. या वेळी गाडी चालवायला मी त्यालाच सांगितलं. हलक्या पायाने, अगदी चालत्या माणसाच्या वेगाने, त्याने गाडी शेडपासून कोपऱ्यापर्यंत नेली आणि आणली. एकही गचका नाही. निघताना मी त्याला सांगितलं की फोम मीच लावला होता. तो हसला. त्याला काय फरक पडणार होता.

फोम कागदात गुंडाळून मी घरी आले. मी इतक्या लवकर परत येईन असं बाबांना वाटलं नसावं. फाटकातूनच आवाज ऐकू आला. खट् खट्. मी घरी नसताना बाबा अजून मशीनवर बसतच होते.

मी त्यांच्यासमोर जमिनीवर बसले, कागद उघडला आणि सगळं सांगितलं. राख, फोम, तार, शाळेचं फाटक, आठ दिवस गप्प राहणं आणि मेकॅनिकला दिलेलं उत्तरही. बाबांनी तुकडा उचलला, वास घेतला.

"हे तर मीच शिकवलं होतं तुले," ते म्हणाले.

मला रडू फुटलं. तुम्ही स्वतःकडे घेऊ नका, एवढं तरी घेऊ नका, असं काहीतरी मी म्हणत होते. ते ऐकत नव्हते. त्यांचा पाय अजून पायडलवरच होता.

"मंग गाडीच बिघडली होती," ते म्हणाले. "मी रोज घड्याळ लावून पाहत होतो वं. हळू दाबला तर हळू, जोरात दाबला तर जोरात. पाय एकदाही चुकला नाही. म्हणून तर भेव लागलं. पाय चांगला आहे, तरी तू म्हणतेस गेला, म्हणजे डोस्कं गेलं म्हटलं. तुझ्या आजोबाचं गेलं होतं तसं. तुले कसं सांगू?"

 तीन महिने एका घरात, एका ताटाशेजारी दुसरं ताट मांडून, आम्ही दोघं एकच भीती बाळगून होतो, आणि ती त्यांच्या डोक्यात मी घातली होती. माझ्या एका वाक्याने. पाय तपासून झाला होता, तो निर्दोष निघाला होता, तरी त्यांनी माझ्यावर विश्वास ठेवला.

शुक्रवारी संध्याकाळी मी किल्ली कॅलेंडरखालच्या खिळ्याला अडकवली. शनिवारी शाळेत रजा टाकली आणि सहाला त्यांच्या शेजारी जाऊन बसले. त्यांनी गाडी काढली. पूर्वीसारखीच, गिअर कधी पडला ते कळलं नाही. पण पहिला सिग्नल हिरवा झाला तेव्हा त्यांनी माझ्याकडे बघितलं. दुसऱ्यालाही बघितलं. मी मान हलवायची, मग ते निघायचे. रामटेकपर्यंत असंच चाललं.

शेतावर धान कधीच कापून झालं होतं, नुसती वाळलेली धसकटं होती. आंब्याच्या सावलीत त्यांनी गाडी लावली, हँडब्रेक ओढला आणि उतरले नाहीत.

"बरोबर चालवली ना वं?" त्यांनी विचारलं.

मी हो म्हणाले. दोनदा म्हणाले. ते बरं म्हणून उतरले, आणि इतकी वर्षं शर्टाच्या खिशात टाकायचे ती किल्ली त्यांनी माझ्या हातात दिली.