सुधीरचा ताप

हे आजवर मी कुणालाच सांगितलेलं नाही. सुधीरला नाही, आप्पांना नाही. माझ्या वाचकांना माझं बाकी सगळं — आठवीत कुणावर जीव जडला इथपासून — ठाऊक आहे, पण हे नाही.

मी गे आहे, आणि त्यावर विनोदी लिहून पोट भरतो. लोक मला निर्भीड म्हणतात, शाल देतात. — आता ऐका.

सुधीर आणि मी नाशिकला एकत्र राहतो. नंदुरबारला जाऊन आप्पांना, म्हणजे वडिलांना, हे सांगितलं तेव्हा ते मिरच्यांचे देठ खुडत होते. हातातल्या मिरचीचा देठ खुडून टाकला. मग विचारलं, "सैपाक कोन करस?" दोघं करतो, म्हटलं. "बरं शे," म्हणाले. विषय संपला.

पुढे बहिणीचं लग्न ठरलं. आप्पांचा फोन — "तुम्हले चूलबंद आवतन शे. दोन्ही जन या." चूलबंद म्हणजे अख्ख्या घराला जेवण, त्या दिवशी आपल्याकडे चूल पेटवायची नाही. पोटच्या पोराला असं आवतन कुणी देतं का? आप्पांनी दिलं. आमचं वेगळं घर त्यांनी धरलं होतं.

आणि मी? सुधीरनं नवा सदरा शिवून घेतला होता — तरी त्याला सांगितलं, आप्पा म्हणतात एकटाच ये. आप्पांना सांगितलं, सुधीरला ताप आहे. का? आप्पांची भीती नव्हतीच. पंगतीत चुलते विचारतील 'हा कोण', याची होती. निर्भीड माणसाची एवढीच भीती.

लग्नात आप्पांनी मानाची टॉवेल-टोपी दिली. एक माझी, एक सुधीरची. त्याआधी बाजूला घेऊन विचारलं, "त्यानं डोकं केवढं शे?" मी हातानं माप दाखवलं.

परत येऊन काय केलं असेल? लेख लिहिला. 'एकटाच ये' म्हणणारा कर्मठ बाप, त्याच्या झुपकेदार मिशा. खऱ्या आप्पांना मिशाच नाहीत. तो माझा सगळ्यात गाजलेला लेख. मी वाचतो तेव्हा सभागृह लोळतं, फक्त पहिल्या रांगेतला सुधीर हसत नाही. घरी आल्यावर म्हणतो, नको रे त्यांना इतकं बोलूस, जुन्या वळणाचे आहेत, चालायचंच. — त्यांनी ज्याला बोलावलं, तोच त्यांना माफ करतो. मला लाज वाटते. पुढच्या कार्यक्रमात मी तो लेख पुन्हा वाचतो.

ती दुसरी टोपी माळ्यावर, गोधड्यांच्या खाली आहे.

चार वर्षं झाली. फोन ठेवण्याआधी आप्पा दर वेळी विचारतात, "त्याना ताप उतरना का?" चार वर्षांचा ताप कुठे असतो, हे त्यांना कळत नसेल? तरी विचारतात. आत सुधीर पोळ्या लाटत असतो, ठणठणीत. मी आवाज खाली करून म्हणतो, अजून आहे थोडा.