ताईच्या चार मैत्रिणी

मी दीड वर्षाचा असताना आई गेली आणि मला सांभाळायला ताईनं नववीतच शाळा सोडली. या गोष्टीवर आम्ही कधी चकार शब्द काढला नाही. मला धीरच झाला नाही.

ताई कवळ्या बनवते. गुलाबी मेणात एकेक दात बसवण्यात तिची चाळीस वर्षं गेली. यंदा मोतीबिंदूमुळे तिला सगळं पिवळट दिसायला लागलं आणि तिनं ऐंशीच्या एका आजोबांना विशीतले पांढरेशुभ्र दात पाठवले. आजोबा खूश, पण सूनबाईंनी कवळी परत धाडली. मग डोळ्याचं ऑपरेशन झालं आणि डॉक्टरांनी आठवडाभर टीव्ही-मोबाइलच्या पडद्याकडे बघायला बंदी केली.

ताईचा चेहरा पडला. जेवताना तिला तिची जपानी मालिका लागते. शाळेतल्या चार मैत्रिणींची अ‍ॅनिमे. कार्टून म्हटलेलं तिला खपत नाही. गेली बारा वर्षं तीच एक मालिका, संपली की पुन्हा पहिल्यापासून. हा पोरकटपणा माझ्या डोक्यात जायचा.

"तू बघ आणि खालच्या भाषांतराच्या ओळी मला वाचून दाखव," तिनं फर्मान काढलं.

बसलो. चौघी एका हरवलेल्या खोडरबरावरून भांडत होत्या, भांडतच होत्या. शेवटी मी मधल्या ओळी गाळून ठोकून दिलं, "मग त्या घरी गेल्या."

"थापा मारू नकोस," काळ्या चष्म्याआडून ताई म्हणाली. "अजून वर्गातच आहेत. आता बुटकी दुसरीच्या दप्तरात हात घालेल."

घातलाच.

"अगं, पण यात काही घडतच नाही!"

"म्हणून तर बघते. कुणाची आई जात नाही. कुणाला मधूनच घरी बोलवत नाहीत. रोज सकाळी चौघी हजर."

इतकी वर्षं मी हिची चेष्टा करत आलो होतो, त्याची लाज वाटली.

"ताई, तुझी शाळा माझ्यामुळे सुटली."

"हो," ती शांतपणे म्हणाली. "एकदा तुला कडेवर घेऊन गेले होते वर्गापर्यंत. खिडकीतून बघितलं. माझ्या जागेवर दुसरीच बसली होती. माझ्या मैत्रिणी तिच्याशी हसत होत्या."

ताईनं चाचपडत माझा हात धरला.

"वाच पुढे. मधली सुट्टी संपेल त्यांची."