कौसाबाईंच्या वडिलांची नाव

आधीच सांगतो, या सदरातले अनुभव वाचून हसणाऱ्यांपैकी मी आहे. भूत, चकवा, हाका... माणसाची झोप झाली नाही की हे सगळं होतं, असं मी बायकोला ऐकवायचो. ती दोन वर्षांपूर्वी गेली. आता ऐकवायलाही घरात कोणी नाही, म्हणून लिहून पाठवतोय.

माझा विषय बुडालेली जहाजं. नोकरीची सगळी वर्षं कोकण किनाऱ्यावर गेली. निवृत्त होऊन यवतमाळला, लोहाऱ्याकडच्या घरात आलो, तर शेजारी विचारतात, सर, इथं कुठं जहाज? जहाज नाही, पण नद्यांवर नावा होत्या. पूल झाले आणि त्या गेल्या. त्यांची नोंद मी ठेवतो. नियम एकच — लाकूड डोळ्यांनी पाहिल्याशिवाय ‘बुडाली’ लिहायचं नाही. तोवर ‘बेपत्ता’.

याच नियमावरून कौसाबाईंनी मला धारेवर धरलं. उमरखेडहून बसने पाऊण तासावर, पैनगंगेकाठी त्यांचं गाव. (नाव देत नाही, बाई अजून तिथेच राहतात.) वय पंच्याहत्तरीच्या पुढे. त्यांचे वडील तिथले नावाडी. बाई आठ वर्षांच्या असताना एका पुराच्या संध्याकाळी ते पलीकडे होते, ते परत आलेच नाहीत. ना माणूस मिळाला, ना नाव. गावाने निकाल लावून टाकला — नाव घेऊन मराठवाड्यात पळाला, तिकडे दुसरं घर केलं. यापायी बाईंचं लग्न दोनदा मोडलं.

मी वहीत ‘बेपत्ता’ लिहिलं तेव्हा त्या म्हणाल्या, “मंग तुमीबी तेच म्हनून राह्यले.”

मला वाईट वाटलं. नियम मात्र मोडला नाही.

मे महिन्यात पुन्हा गेलो. घाटाखालचा डोह यंदा कधी नव्हे इतका उतरला होता. दुपारचा एक वाजला असेल. घाटाच्या दगडांवर, चिंचेच्या सावलीत मी एकटाच डबा खात होतो. पलीकडून हाक आली —

“कोनी हाय काऽऽ?”

तोंडात घास होता तरी मी ओरडलो, हो, आहे! खरं सांगतो, बरं वाटलं. मला कोणी हाक मारून फार दिवस झाले होते.

पलीकडे माणूस दिसेना. मग बांबू पाण्यात टेकवल्याचा आवाज... थोडं थांबून पुन्हा. आवाज माझ्याकडे येत होता आणि पाण्यावर तरंगसुद्धा नव्हता. घाटापासून वीसेक हातांवर तो थांबला. मी घाबरलो नव्हतो. उलट, जो कोणी निघाला होता तो पोचला नाही, याचंच वाईट वाटत होतं. सवयीने मी त्या जागेची खूण घेतली — पलीकडचा पळस आणि त्यामागचा विजेचा खांब, एका रेषेत.

दुसऱ्या दिवशी सकाळी एका मासेमाराच्या होडीतून तिथे गेलो आणि बांबू खुपसून पाहिला. चौथ्या वेळी लाकूड लागलं. दोन दिवस गाळ उपसला. सागाची नाव. या घाटाला दुसरी नाव कधी नव्हतीच. माणसाचं काही मिळालं नाही, पण दोर बांधायची कडी असलेलं पुढचं टोक गावाच्या बाजूला होतं. म्हणजे तो घरी येत होता.

कौसाबाईंच्या ओट्यावर बसून मी वहीतला शब्द खोडला. वाटलं, आता रडतील, निदान गावाला शिव्या तरी घालतील. त्यांनी एवढंच विचारलं, जागा कशी सापडली? मी हाकेचं सांगितलं. मी ओ दिली हे ऐकून त्यांनी जाब विचारला.

“तुमी ओ काहून देल्ली?”

मग त्यांनी तिथली रीत सांगितली. दिवसाच्या शेवटच्या खेपेला नावाडी पलीकडून हाक द्यायचा. अलीकडून ओ आली तर वाट मोकळी समजून नाव सोडायची. नाही आली तर तिकडच्याच झोपडीत मुक्काम.

“त्या दिशी म्या ओ देल्ली,” त्या म्हणाल्या. “पूर होता. मले बा पाहिजे होता.”

आईने कुणाजवळ बोलू नको म्हणून बजावलं होतं, आणि त्या बोलल्या नाहीत. लोक बापाला पळपुटा म्हणत राहिले तरी नाही. हाक मात्र दर उन्हाळ्यात यायची. त्या तोंडात पदर कोंबून बसायच्या. पुन्हा कधी ओ दिली नाही.

पाण्यावरून आवाज लांब जातो, हे मला माहीत आहे. त्या दुपारी पलीकडच्या काठावर कोण होतं, याची चौकशीही केली. कोणी नव्हतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी बाईंनी मला घाटावर न्यायला लावलं. ऊन कलेपर्यंत बसलो. हाक आली नाही. मी म्हटलं, चला आता. त्यांनी मला हाताने थांबवलं आणि पलीकडे तोंड करून जमेल तेवढ्या जोरात म्हणाल्या, “ये बा. मी हाय इथं.”

मग आम्ही दोघं पाण्याकडे बघत बसून राहिलो.