सोमवारपासून डॉक्टर

भारत सरकार आमच्या भाऊजींच्या खिशावर चालतं, ही गोष्ट दिल्लीत कुणाला ठाऊक नसेल, पण भाऊजींना त्याबद्दल तिळमात्र शंका नव्हती. भाऊजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे, आमच्या बाईचे, यजमान. भंडारा जिल्ह्यात आसगावच्या पुढे आत वळलं की त्यांचं गाव. धानाची शेती, घरात नवराबायको दोघंच. “मी टॅक्स भरतो” असं ते म्हणाले की नवखा माणूस हसायचा; शेतीला कुठला आलाय टॅक्स! मग भाऊजी खिशातून काडीपेटी काढून त्याच्या नाकासमोर धरायचे. “हे घेतलो का नाई मी? याच्यात टॅक्स आहे. साबणात आहे, बिस्कुटात आहे, पायातल्या चपलीत आहे. मी नुसता चाललो तरी सरकारले पैसा देऊन राह्यलो, लेका!” मी स्वतः जवाहरनगरला केंद्र सरकारच्या नोकरीत. रजा काढून गेलो की पाण्याचा गिलास हातात देण्याआधी विचारणार, “काहून बाबू, आज कामावर नाई गेला? तुहा पगार आमी देतो, याद ठेव.” तीस वर्षं मी हे ऐकून घेतलं.

सरकारी म्हणून जे जे काही होतं ते ते त्यांच्या मालकीचं. एसटीत एकदा कॉलेजातलं एक पोरगं सीटचा स्पंज उपटत बसलं होतं. भाऊजी उठून त्याच्यासमोर उभे राहिले आणि भर गाडीत म्हणाले, “घरची गादी बी असाच फाडतेस का बे?” पोरगं लाखांदूर येईपर्यंत मान खाली घालून बसलं. दिवसा जळणारे गावातले दिवे विझवायला ते रोज सकाळी काठी घेऊन फिरत. गावात सिमेंटची सडक झाली आणि ठेकेदार पाणी न मारताच निघून गेला, तेव्हा या गृहस्थाने आठ दिवस तळ्यावरून कावडीने पाणी आणून ती सडक भिजवली. बाई कमरेवर हात ठेवून शेजारणींना सांगायची, “आपल्या वाडीतले वांगे सुकून राह्यले, अन् हे सडकेले पाणी पाजून राह्यले जी!” रागवायची, पण कावड भरायला हात लावायलाही तीच जायची.

मग गावाला दवाखाना मंजूर झाला. अट एकच, जागा गावाने द्यावी. गाव एकमेकांच्या तोंडाकडे बघत बसलं, आणि भाऊजींनी सडकेला लागलेली आपली चांगली बांधी, पिकती जमीन, दानपत्र करून देऊन टाकली. मी अंगावर ओरडलो. ते शांतपणे म्हणाले, “कोणाले देलो? आपल्यालेच तं देलो.” इमारत उभी राहिली. फीत कापली गेली, भाषणं झाली, पेढे वाटले, आणि पाहुण्यांच्या गाड्या गेल्यावर दाराला जे कुलूप लागलं ते लागलंच. भाऊजी दर सोमवारी भंडाऱ्याला खेटे घालू लागले. तिथल्या साहेबांनी एकदा समजावून सांगितलं, “बाबाजी, इमारतीचा निधी वेगळा, डॉक्टरच्या पगाराचा वेगळा. इमारतीचा आला, पगाराचा यायचा आहे.” भाऊजी म्हणाले, “सायेब, मी देतानी तं एकाच हातानं देलो जी.” साहेब हसले म्हणे. हसायला काय जातं!

दोन वर्षं भाऊजींनी त्या बंद दवाखान्याचा ओटा झाडला. गाई बसू नयेत म्हणून बाभळीच्या काट्यांचं कुंपण घातलं. आणि अखेर आषाढात त्यांच्या हाती शिक्क्याचं पत्र पडलं: सोमवारपासून डॉक्टर रुजू होतील. ते पत्र त्यांनी अख्ख्या गावाला वाचून दाखवलं, मला फोनवर दोनदा.

सोमवार गेला, मंगळवार गेला. बुधवारी सकाळी धान लावताना, रोवणीच्या चिखलात बाईला साप डसला. शेजारचा ऑटोवाला लगेच गाडी घेऊन आला आणि थेट पवनीच्या मोठ्या दवाखान्यात नेतो म्हणाला. भाऊजींनी त्याला सडकेवरच्या आपल्या दवाखान्याशी थांबवलं. “कागद आहे माह्यापाशी. येतच असतील डॉक्टर.” बायकापोरं ओरडत होती, चला, चला. भाऊजी पत्र हातात धरून सडकेकडे बघत उभे. आणि बाई, माझी बाई, त्या झाडलेल्या ओट्यावर पाय धरून बसून म्हणाली, “थांबू जी. तुमी म्हणता तं येतील.” अर्धा तास गेला. डॉक्टर यायचेच नव्हते. नेमणूक झाली होती, पगाराची तरतूद झाली नव्हती. मग ऑटो निघाला. पवनीच्या दवाखान्याने भंडाऱ्याला पाठवलं आणि बाई वाटेतच गेली. भंडाऱ्याच्या डॉक्टरने नाडी सोडून एवढंच म्हटलं, “थोडं आधी आणायला पाहिजे होतं.”

मी फार बोललो त्यांना. तेराव्यापर्यंत, पाहुण्यांसमोर, तोंडाला येईल ते.

आणि पाहा सरकारचा कारभार! साप डसून माणूस मेलं की वारसाला मदत मिळते. तो निधी मात्र शिल्लक होता. चार महिन्यांत मंजुरीचा कागद आला. भाऊजी तो घेऊन माझ्याकडे जवाहरनगरला आले. क्वार्टरच्या दारात उभे राहून म्हणाले, “अर्ज लिहून दे, बाबू. तुहा अक्षर चांगला आहे.” मी कागद घेतला. ते सांगत गेले, मी लिहीत गेलो: माझी बायको वारली. तिच्या नावाने आलेल्या पैशात एक डॉक्टर जितके दिवस येऊ शकेल, तितके दिवस आमच्या गावच्या दवाखान्यात पाठवावा. पुढचे दिवस सरकारने बघावे. आपला नम्र अर्जदार. लिहिताना मला माझीच लाज वाटत होती.

अर्ज घेऊन आम्ही दोघं भंडाऱ्याला गेलो. साहेबांनी तो पूर्ण वाचला. या वेळी ते हसले नाहीत. एका निधीतला पैसा दुसरीकडे वळवता येत नाही, एवढं खाली बघून म्हणाले. तरी भाऊजींनी अर्जाच्या प्रतीवर पोचेचा शिक्का मारून घेतला, नीट घडी केली आणि आम्ही गावाकडच्या एसटीत येऊन बसलो. गाडी सुटली. मग भाऊजी एकदम माझ्याकडे वळून म्हणाले, “बाबू, मी थांबाले नोको होतो, नाई का गा?”

“तुमची चूक नाही, भाऊजी,” मी म्हणालो. चार महिने उशिरा का होईना, म्हणालो.

“मंग कोणाची?” त्यांनी विचारलं. भांडायला नव्हे, मी सरकारी नोकरीतला म्हणून मला माहीत असेल, असं त्यांना खरंच वाटलं होतं. मी त्यांचा हात हातात घेतला आणि पवनी येईपर्यंत तसाच धरून बसलो.