पलटणीचा फोटो

जपानात ग्योतोकुला मुलाकडे आलेय. सून समई घासत होती, आणि पॉलिशच्या वासानं आजोबांचं बिगूल आठवलं. इंग्रजांच्या काळात गोऱ्यांच्या स्वयंसेवक पलटणीत ते बिगूल वाजवायचे. पुढं कित्येक वर्षांनी पलटणीचा मेळावा भरला, तेव्हा सकाळभर बिगूल घासून ते मलाही घेऊन गेले.

म्हाताऱ्या कॅप्टनसाहेबानं त्यांना मिठी मारली. "हा आमचाच माणूस!" फोटोची वेळ आली तशी त्यानं आपली हॅट आजोबांच्या हातात दिली. मग बाकीच्यांनीही दिल्या, आणि आजोबा त्या सांभाळत कॅमेऱ्यामागं उभे राहिले. तेव्हा मला वाटलं, केवढा हा मान! आज अंगाचा तिळपापड होतोय.

घरी आजीनं विचारलं, "फोटोत कुठं होता तुम्ही?"

"मधोमध," आजोबा म्हणाले, आणि चकचकीत बिगूल त्यांनी माळ्यावर टाकलं.